पाल कोणी काढली?

उस्तादाला पहिला संशय आला तो आरशाच्या सीनला.

सीन म्हटला तर साधा. पोलीस शिपायांना कवायत शिकवणारा एक ढेरपोट्या मास्तर सकाळी घरातून निघतो आणि दारामागच्या आरशात स्वतःचीच तपासणी घेतो. "बटण?" असं स्वतःवरच डाफरतो, "ठीक, साहेब" असं स्वतःच खालमानेनं उत्तर देतो. "पट्टा?" "ठीक, साहेब." "मिशी?" मिशीचं डावं टोक खाली उतरलेलं असतं. मग मास्तर स्वतःला शिक्षा फर्मावतो आणि बूट आपटत खाटेभोवती पळायला लागतो. पळता पळता पाय चादरीत अडकतो, चादरीमागं खाट येते, खाटेमागं भिंतीवरची फळी येते आणि फळीवरचा पिठाचा डबा मास्तराच्या डोक्यावर रिकामा होतो.

कॅमेऱ्यामागची झाडून सगळी माणसं पोट धरून हसली. एक लाइटवाला तर आधी शिडीवरून खाली उतरला आणि मग हसला, वर हसलो तर पडेन म्हणून. एकटा उस्ताद हसला नाही. पीठ सोडलं तर ते सगळं त्याचं होतं. आरसा त्याचा, डाफरणं त्याचं, डावं टोक त्याचं, खाटेभोवतीच्या फेऱ्या त्याच्या. उभ्या जन्मात हे त्यानं कोणाला सांगितलं नव्हतं. सांगण्यासारखं होतं तरी काय त्यात.

मनात शंकेची पाल चुकचुकते म्हणतात. उस्तादाच्या मनात ती त्या दिवशी चुकचुकली आणि पुढं गप्प बसायचं नावच घेईना.

हा उस्ताद काही नावापुरता उस्ताद नव्हता. पोलीस ट्रेनिंगच्या मैदानावर त्यानं उभी नोकरी काढली होती. डावा पाय कुठला आणि उजवा कुठला हे त्यानं पिढ्यान्‌पिढ्या पोरांना शिकवलं होतं, आणि ज्यांना कळलं नाही त्यांना घरी पाठवलं होतं. आपल्या शिट्टीनं झाडावरचे कावळे रांगेत बसायचे, असं तो सांगायचा. कावळ्यांना कोणी विचारायला गेलं नाही. निवृत्त झाला तरी दाढी केल्याशिवाय चहाला शिवायचा नाही, आणि गल्लीतली पोरं त्याला बघून क्रिकेटचा चेंडू खिशात घालायची.

'ढ तुकडी' नावाचा सिनेमा काही वर्षांपूर्वी आला होता. पोलिसात भरती झालेल्या नालायकांची गोष्ट. एकाला रक्त बघून चक्कर यायची, एकाला चोराचीच दया यायची, एक चालता चालता झोपायचा. आणि सगळ्यांत नालायक तो जाड्या, ज्याचा पाय कधी कोणाच्या पायाशी जुळलाच नाही. शहाण्यांनी नाकं मुरडली, लोकांनी तिकिटं काढली. त्या जाड्याच्या दोन चुकार पायांवर अख्खा पिक्चर चालला. आता दुसरा भाग निघत होता आणि त्यात तोच जाड्या कवायतीचा मास्तर होऊन नव्या नालायकांना शिकवणार होता. दुसरा भाग असाच असतो. पहिल्यात पडलेल्याला दुसऱ्यात वरून पाडायचं.

जाड्याचं काम करणाऱ्या नटाला सेटवर सगळे पिंप म्हणत. तोही स्वतःला पिंपच म्हणायचा. ज्या पोटावर पोट चालतं त्याची लाज कशाला, असं म्हणून ते पोट तो ढोलासारखं वाजवून दाखवायचा.

पहिल्या भागाला कवायत शिकवायला दुसराच कोणीतरी होता. या वेळी मात्र गाडी थेट उस्तादाच्या दारात आली. "तुमचंच नाव आलंय वरून," असं गाडीतून उतरलेला डायरेक्टर म्हणाला. हा डायरेक्टर काडीसारखा बारीक, सारखा नखं खाणारा. तेव्हा उस्तादाची छाती फुगली होती. आता त्याला प्रश्न पडला. वरून म्हणजे कुठून? आणि माझंच का?

सेटवर त्याचं काम चमत्कारिक होतं. सकाळी त्यानं नटांना बरोबर चालायला शिकवायचं आणि दुपारी डायरेक्टरनं त्यांच्याकडून तेच चुकवून घ्यायचं. चुकायचं असलं तरी आधी बरोबर यावं लागतं, असं त्या धंद्यात मानतात. उस्तादाला हे म्हणजे दूध तापवून मुद्दाम उतू घालवण्यासारखं वाटे. पण पोरं शिकली. सगळ्यांचे पाय तालाला लागले. लागला नाही तो पिंपाचा. आणि त्यातही उस्तादाला एक गोष्ट खटकली होती. चुकणारा माणूस कधी इकडं चुकतो, कधी तिकडं. पिंपाचा पाय दरवेळी सारखाच चुकायचा, अगदी घड्याळ लावल्यासारखा.

"तुझे पाय परेडचे नाहीत," उस्ताद पहिल्याच आठवड्यात त्याला म्हणाला होता.

पिंप क्षणभर त्याच्याकडं नुसता बघत राहिला. मग हसला. "हे मी आधी कुठंतरी ऐकलंय, उस्ताद."

आरशाच्या सीननंतर जेवणाची सुट्टी झाली. उस्तादानं झाडाखाली डबा उघडला. डब्यात खालच्या कप्प्यात, रोजच्यासारखे, कढईच्या तळाला लागलेले काळे बटाटे. बायको हल्ली रोज हे पाठवत होती. वरच्या कप्प्यात चांगली भाजी आणि खाली करपलेलं. उस्तादानं तिला एकदा खडसावलं होतं, तर म्हणाली, असू द्या, कोणी मागितलं तर. करपलेलं कोण मागतं? पण पिंप मागायचा. पीठ झटकत तो आताही आला, जमिनीवर बसला आणि खालचा कप्पा पुढं ओढून बोटानं पुसून खाल्ला.

"काय उस्ताद, आवडला का सीन?"

"कोणाच्या डोक्यातून निघाला?"

"डोकं कुठं असतं आपल्यात," पिंप म्हणाला आणि बोटं चाटत उठून गेला.

उस्ताद घरी पोचला तेव्हा बायको टीव्हीसमोर बसून 'ढ तुकडी'चा पहिला भाग बघत होती. कितव्यांदा कोण जाणे. जाड्या मैदानावर उलट्या पायानं चालत होता आणि ही पदरानं डोळे पुसत हसत होती. उस्तादाचं पाऊल आत पडलं तशी ती हसायची थांबली. नळ बंद करावा तशी.

"आरशाचं कोणाला सांगितलंस?" त्यानं बूट न काढताच विचारलं.

"कुठल्या आरशाचं?"

"दारामागच्या."

"त्याला तडा गेलाय हे शेजारणीला सांगितलं असेल."

"मी आरशापुढं काय करतो, ते."

"काय करता?"

विचारलेल्याला उलट प्रश्न करतो तो आरोपी पोचलेला असतो, हे उस्तादानं तपास करणाऱ्या लोकांकडून ऐकलं होतं. ऐकलंच होतं फक्त. त्यानं स्वतः जन्मात एक तपास केला नव्हता, साधा पाकीटमार पकडला नव्हता. मैदान, शिट्टी आणि दुसऱ्यांचे पाय, एवढीच त्याची पोलिसी. पण अंगात खाकी जिरली की माणसाला वाटतं, आपल्याला सगळं दिसतं.

दोन दिवसांनी दुपारच्या झोपेचा सीन झाला आणि उरलासुरला भरवसा उडाला. मास्तर जेवून खाटेवर आडवा होतो. हात मांड्यांना चिकटलेले, पाय जुळलेले, नजर छताला. मग स्वतःच दबक्या आवाजात म्हणतो, "विश्राम," आणि त्यानंतरच त्याचं अंग सैल पडतं. पुढं खाट मोडते, खाटेखाली लपलेला शिपाई किंचाळतो, ते सोडा. त्या 'विश्राम'वर उस्तादाच्या कानाच्या पाळ्या तापल्या. हे खाटेपाशी असलेल्या माणसाशिवाय कोणाला ठाऊक असणार? आणि खाटेपाशी असलेलं माणूस जगात एकच.

तरी न्याय म्हणून त्यानं पोराला फोन केला. पोरगा दूरच्या शहरात फ्रिज दुरुस्त करायचा.

"माझ्या सवयींबद्दल तू कोणाशी बोललास?"

"बाबा, मी शाळेत असताना सगळ्यांना सांगायचो की तुम्ही टपाल खात्यात आहात."

"का?"

"पोरं घरी यायला घाबरायची म्हणून. तुमच्या सवयी मी कशाला सांगू? सांगून विश्वास कोण ठेवणार? आईला फोन द्या."

"आईशी काय बोलायचंय?"

"आईशी बोलायला कारण लागतं का?"

उस्तादानं फोन ठेवला. दोघं मिळालेले असू शकतात, हीही शक्यता त्यानं मनात नोंदवली.

मग त्यानं खाटेखालची लोखंडी ट्रंक पायानं बाहेर ओढली. नोकरीतली, हिरव्या रंगाची, बदलीच्या गावांची नावं खरवडून काढलेली. बायको भाजी निवडत होती. तिच्यासमोर तो ताठ उभा राहिला.

"ऐक. शूटिंग संपेपर्यंत तपास चालेल. आपल्या घरातलं कोणीतरी आपल्या घरातलं बाहेर विकतंय. तो फितूर या घरातला निघाला, तर मी धाकट्या भावाकडं जाईन. कायमचा."

"भावजयीला विचारलंत?"

"चेष्टा नाही. मी दिलेली कमांड कधी मागं घेत नाही, तुला ठाऊक आहे."

तिला ठाऊक होतं. या माणसानं एकदा रागात मीठ बंद म्हटलं होतं, तर वर्षभर घर अळणी जेवलं होतं. तिचे हात थांबले. एवढी वर्षं झाली, पोर मोठं झालं, आता गुडघे धरून बसायच्या वयात हा माणूस सिनेमातल्या खाटेवरून घर मोडायला निघाला होता, आणि तो मोडणार हे तिला कळत होतं.

"मग?" ती म्हणाली.

"मग माझे कपडे ट्रंकेत भर. तयारी असलेली बरी."

जायचं तिला सोडून आणि ट्रंक भरायची तिनंच. यात काही विपरीत आहे हे उस्तादाच्या गावीही नव्हतं. ती उठली. बनियनवर बनियन, सदऱ्यावर सदरा, चौकोनी घड्या घालून तिनं ट्रंक भरली. झाकण लावताना तेवढं थोडं जोरात लावलं.

आता उस्तादानं सापळा रचला. सकाळी शूटिंगला निघताना, फक्त बायकोच्या देखत, त्यानं डावा जुना बूट खिडकीच्या कट्ट्यावर ठेवला आणि त्याला कडक सलाम ठोकला. पोराला फोनवर वेगळंच सांगितलं. म्हणे, हल्ली मी डासाला मारायच्या आधी ताकीद देतो. दोन्ही साफ बनावट. सिनेमात बूट आला तर बायको, डास आला तर पोरगा.

पहिल्या दिवशी बायको बुटाकडं बघत राहिली. दुसऱ्या दिवशी तिनं तो बूट पुसून ठेवला. तिसऱ्या दिवशी त्याच्या शेजारी उजवाही आणून ठेवला. "एकट्यालाच कशाला," ती म्हणाली. "दोघांनाही करा. त्याचं मन दुखायला नको."

सेटवर उस्ताद आता कवायत कमी आणि पाळत जास्त करू लागला. शिंप्याच्या खोलीत कोण कुजबुजतं, मेकअपवाला फोनवर कोणाशी बोलतो, चहावाला आपल्याला बघून का हसला. ज्याच्या डोळ्यात संशय बसला त्याला सूर्यही कोणाचा तरी माणूस वाटतो. पिंप रोज डब्याशी यायचा, करपलेले बटाटे खायचा आणि विचारायचा, "घरी काय म्हणतात, उस्ताद?"

"का?"

"सहज हो. माणसानं माणसाला विचारायचं नाही का."

बूट आला नाही. डासही आला नाही. आली ती पाल.

त्या दिवशी न्हाणीघराचा सेट लावला होता. भिंतीला हिरवट ओल, कोपऱ्यात पितळी घंगाळ, वर जाळीचा झरोका. उस्तादाला ती न्हाणी ओळखीची वाटली. मास्तर आत येतो, कमरेला टॉवेल आणि डोक्यावर खात्याची टोपी. टोपी का, तर हा माणूस अंघोळीलाही टोपी काढत नाही. भिंतीवर पाल असते. मास्तर बादली उलटी करून तिच्यावर चढतो आणि तोंडात शिट्टी धरतो. पालीला हुकूम सोडतो, "सावधान. जागेवरून हलायचं नाही." पाल हलते. मास्तर शिट्टी फुंकतो. पाल टोपीवर पडते. मग मास्तराचा पाय बादलीत जातो, बादलीसकट तो दार तोडून मैदानावर येतो, जिथं बडे साहेब परेडची पाहणी करत असतात, आणि तिथून पुढं टॉवेलचं काय होतं ते लोकांनी तिकीट काढून बघावं.

डायरेक्टर हसून हसून खाली बसला. नखं खायचंही विसरला. उस्ताद भिंतीला धरून उभा होता.

कारण टोपीपर्यंतचं हे सगळं घडलं होतं. जुन्या सरकारी क्वार्टरमध्ये. तीच ओल, तोच झरोका. पण कधी? बायको पहिलटकरीण म्हणून तिच्या आईकडं गेली होती तेव्हा. पोरगा तर जन्मलाही नव्हता. म्हणजे बायकोनं सांगितलं नाही, पोरानं सांगितलं नाही. दोघंही सुटले. सुटका झाल्याचा आनंद व्हायला हवा होता, पण उस्तादाच्या पायाखालची जमीनच सरकली. त्या सकाळी घरात तो एकटा होता. मग बघितलं कोणी?

संध्याकाळी घरी येऊन तो खुर्चीत बसला. बूट काढून बसला, हे बायकोच्या लगेच ध्यानात आलं.

"तू सुटलीस," तो म्हणाला.

"कशातून?"

"संशयातून." आणि त्यानं तिला पाल सांगितली. खाली बघत, तुटक, आरोपीसारखी सांगितली. बादलीपर्यंत आला तेव्हा तिला हसू आवरेना. टोपीपर्यंत आला तेव्हा ती ओट्याला टेकली.

"हे मला कधी सांगितलं नाहीत," ती डोळे पुसत म्हणाली.

"सांगण्यासारखं आहे का ते. कोणालाच सांगितलं नाही. तेच तर. तू तिकडं, पोरगा पोटात. घरात मी एकटा. दुसरं चिटपाखरू नाही."

ती हसायची थांबली. या वेळी नळ बंद करावा तशी नाही. हळूहळू थांबली.

"मग पाल कोणी काढली?"

"काय?"

"पाल. तुम्ही पालीला हात लावणार नाही. झाडू कुठं असतो हे तुम्हाला तेव्हा ठाऊक नव्हतं, अजून नाही. मग काढली कोणी?"

उस्ताद आठवायला लागला. त्याला झाडू दिसला. झाडूच्या मागं एक काटकुळा हात दिसला, फाटकी बनियन दिसली, वर तासलेलं डोकं दिसलं. चेहरा मात्र दिसेना. आठवून आठवून दिसेना.

"पोरगं होतं एक," तो म्हणाला. "घरच्या ड्युटीवर."

घरची ड्युटी म्हणजे काय हे ज्यांनी भोगलं त्यांना सांगायला नको, आणि ज्यांनी करून घेतलं ते सांगणार नाहीत. सरकार पगार देतं शिपाई घडवायला. त्यातली चार पोरं सकाळी मैदानावर न जाता उस्तादांच्या, साहेबांच्या, साहेबांच्या मेहुण्यांच्या घरी जातात. पाणी भरतात, कपडे धुतात, कुत्री फिरवतात, भांडी घासतात. कागदावर ती मैदानावरच असतात. आणि घरातले लोक त्यांच्यादेखत कपडे बदलतात, भांडतात, रडतात, कारण खुर्चीपुढं कोणी लाजत नाही. उस्ताद बदमाश नव्हता. सगळे करत तेच तो करत होता. बदमाशीला एवढंच पुरतं.

"एक?" बायको म्हणाली. "दर खेपेला नवं असायचं. पण हे बरंच टिकलं. मी बाळाला घेऊन आले तेव्हाही होतं. व्हरांड्यात झोपायचं, खिडकीखाली. कढईच्या तळाला लागलेले बटाटे खरवडून खायचं. चांगलं वाढलं तरी म्हणायचं, बाई, मला तळाचंच द्या."

उस्तादानं मान वर केली. त्याच्या डोळ्यासमोर डब्याचा खालचा कप्पा आला.

"तू ओळखलंस त्याला."

"पहिल्या पिक्चरलाच. अंग सुटलंय, पण पाय तेच."

"आणि मला बोलली नाहीस? महिनाभर मी इथं..."

"तुम्ही काय विचारलंत? कोणाला सांगितलंस, हे विचारलंत. तो कोण आहे, हे कुठं विचारलंत?"

दुसऱ्या दिवशी सकाळी उस्ताद कवायतीला न जाता थेट मेकअपच्या खोलीत गेला. पिंप खुर्चीत डोळे मिटून बसला होता आणि मेकअपवाला त्याला मिशी चिकटवत होता. हुबेहूब उस्तादाची मिशी. उस्तादानं मेकअपवाल्याला नजरेनंच बाहेर काढलं.

"पाल तू काढलीस."

पिंपानं डोळे उघडले नाहीत. "काढली. शेपूट तुटून बादलीत पडलं होतं, तेही मीच काढलं. तुम्ही तेव्हा खाटेवर उभे होतात."

"सूड उगवतोयस माझ्यावर?"

"सूड कसला, उस्ताद. धंदा आहे." आता त्यानं डोळे उघडले आणि आरशातूनच उस्तादाकडं बघितलं. "तुम्ही मला नापास केलंत, आठवतं का? नसेल. बऱ्याच जणांना केलंत. पाय परेडचे नाहीत म्हणालात. मैदानावर किती होतो हो मी? सगळी पोरं डावा-उजवा करायची तेव्हा मी तुमचे हंडे भरायचो. कवायत शिकलो ती तुमच्या स्वयंपाकघराच्या खिडकीतून बघून. भांडी घासता घासता तिथल्या तिथं पाय हलवायचो. पोरं माझ्याकडं तोंड करून उभी असायची. त्यांचा डावा तो माझ्या बाजूनं उजवा. तेच पायात बसलं ते बसलं."

दरवेळी सारखाच चुकणारा पाय. इतकी वर्षं पाय बघण्याची भाकरी खाल्लेला माणूस, आणि त्याला एवढं कळलं नव्हतं. तो पाय चुकत नव्हता. तो आरशातला पाय होता.

"मला का बोलावून घेतलंस?"

"ओळखता का बघायला. वाटलं, पहिल्या संध्याकाळपर्यंत ओळखाल. नाही ओळखलंत. मग आरसा घातला. मग विश्राम घातला. म्हटलं आता तरी विचार कराल, हे कोणी बघितलं असेल. तर तुम्ही घरात शोधत बसलात. बाईंवर आळ घेतलात ना? डबा आणताना तुमचं तोंड बघून कळत होतं. शेवटी पाल काढावी लागली. ती मी ठेवून दिली होती खरं तर. तिसऱ्या भागासाठी."

बाहेर डायरेक्टर कोणावर तरी ओरडत होता. नव्या तुकडीचे बूट वाजत होते, अजून बरोबर, दुपारपर्यंत बरोबर.

"चल," उस्ताद म्हणाला.

"कुठं?"

"मैदानावर. समोर नाही, माझ्या शेजारी उभा राहा. खांद्याला खांदा. तासाभरात पाय लावून देतो."

पिंपानं खुर्ची फिरवली आणि पहिल्यांदा त्याच्याकडं सरळ बघितलं. त्या नजरेत इतका संशय होता की उस्तादाला आपलीच नजर परत मिळाल्यासारखी वाटली.

"नको," तो म्हणाला. "आता पाय लागला तर पिक्चर पडेल. लोक या पायाचे पैसे देतात. तुम्ही तेव्हा लावला असता तर शिपाई झालो असतो. आता लावून काय करू?"

माफी मागावी असं उस्तादाच्या मनात आलं की नाही, देव जाणे. तोंडात तरी आलं नाही. त्या शब्दाची कवायत त्यानं कधी केलीच नव्हती. तो सावधानमध्ये उभा राहिला.

"डबा आणलाय का?" पिंपानं विचारलं.

उस्तादानं पिशवीतून डबा काढला, खालचा कप्पा स्वतःच्या हातानं सोडवला आणि पिंपाच्या पुढ्यात ठेवला. मिशीला लागू नये म्हणून पिंपानं ओठ वर धरून खाल्लं.

घरी ट्रंक होती तिथंच होती, भिंतीशी, झाकण लावलेली. बायको तिच्यावरच बसली होती.

"मग? तपास संपला?"

"संपला."

"फितूर बाहेरचा निघाला म्हणायचा."

हो म्हटलं असतं तर सुटला असता. पिंप बाहेरचाच होता, कागदावर तर होताच. उस्ताद खिडकीपाशी गेला. कट्ट्यावर त्याचे दोन्ही जुने बूट शेजारी शेजारी होते, पुसलेले.

"बाहेरचा कसा," तो म्हणाला. "आपल्याच व्हरांड्यात झोपत होता. घरातलाच होता."

ती ट्रंकेवरून उठली. "मग निघता?"

शेजारच्या घरात कोणीतरी कुकरचं झाकण लावत होतं, ते बसत नव्हतं.

"कमांड मागं घेतो," उस्ताद म्हणाला. अगदी हळू म्हणाला. मैदानावर हा आवाज पहिल्या रांगेलाही ऐकू गेला नसता.

तिला ऐकू आला. तिनं मान डोलावली आणि ट्रंकेकडं बोट केलं. "मग रिकामी करा."

"तू भरलीस ना, तर तूच..."

ती नुसती बघत राहिली. उस्तादानं वाक्य गिळलं, खाली बसला, झाकण उघडलं आणि घडी न मोडता बनियनांचा गठ्ठा दोन्ही हातांवर उचलला. कपाटापुढं आला. कपाटाला कप्पे होते, कप्प्यांना दारं होती, दारांना कड्या होत्या. ते कपाट त्याच्या लग्नातलं होतं. बनियनांचा कप्पा कुठला, हे त्याला ठाऊक नव्हतं.

"हे कुठं ठेवायचं?" त्यानं विचारलं.

ती ओट्याकडं वळली होती. पाठमोरीच म्हणाली, "शोधा. तपास चांगला करता तुम्ही."